रेनडिअरच्या कानावरची खूण

पहिला दिवस, ३ फेब्रुवारी : त्रॉम्सो

ओस्लोहून निघालेले विमान दोन तासांनी त्रॉम्सोच्या बेटावर उतरले तेव्हा दुपारचे साडेतीन वाजले होते आणि बाहेर कातरवेळ झाली होती. उत्तर नॉर्वेतले हे गाव उत्तर ध्रुववृत्ताच्याही सुमारे साडेतीनशे किलोमीटर वर आहे. नोव्हेंबरच्या अखेरीपासून जानेवारीच्या मध्यापर्यंत इथे सूर्य क्षितिजावर येतच नाही. आम्ही पोहोचलो तेव्हा तो परतून तीनेक आठवडेच झाले होते आणि दिवस जेमतेम सहा तासांचा होता. भाची ओस्लोत नोकरीला आहे, तिने रजा काढून गाडी भाड्याने घेतली होती. माझ्या पत्नीला उत्तरप्रकाश पाहायचा होता आणि मला रेनडिअर पाळणारी माणसे भेटायला हवी होती.

त्याचे कारण सांगायला हवे. मी तीस वर्षे पशुसंवर्धन खात्यात काढली आणि त्यातली बरीचशी माण-खटावच्या माळावर, धनगरांच्या वाड्यांवर जाऊन मेंढ्यांना लसी टोचण्यात गेली. जनावरामागे घर हलवणाऱ्या माणसांविषयी मला जी ओढ आहे ती तिथलीच. युरोपच्या या टोकाला असेच लोक राहतात हे वाचले होते. त्यांना त्यांच्या जागी, त्यांच्या जनावरांसह पाहावे अशी फार दिवसांची इच्छा होती.

‘लॅपलँड’ हे नाव आपल्या ओळखीचे असते, परंतु ‘लॅप’ हा शब्द या लोकांना अपमानास्पद वाटतो. ते स्वतःला सामी म्हणवतात आणि नॉर्वे, स्वीडन, फिनलंड व रशियाचा कोला द्वीपकल्प अशा चार देशांत पसरलेल्या आपल्या भूमीला साप्मी म्हणतात.

दुसरा दिवस, ४ फेब्रुवारी : रेनडिअरांच्या तळावर

सकाळी साडेनऊला शहराबाहेरच्या तळावर पोहोचलो. फ्योर्डच्या, म्हणजे डोंगरांत शिरलेल्या चिंचोळ्या खाडीच्या काठी, डोंगराच्या पायथ्याशी कुंपण घातलेले मोठे पटांगण होते आणि त्यात राखाडी, तपकिरी, काही जवळजवळ पांढरे असे रेनडिअर निवांत उभे होते. तळ चालवणारे कुटुंब पिढ्यान् पिढ्या रेनडिअर पाळणारे आहे. मुख्य कळप दूर आतल्या पठारावर असतो आणि त्यातली थोडी माणसाळलेली जनावरे पर्यटकांसाठी इथे आणून ठेवतात. किनाऱ्यावरचे बर्फ खोल आणि ओलसर असल्यामुळे जनावरांना ते उकरून खालचा चारा खाणे कठीण जाते, म्हणून इथे त्यांना खुराकाच्या गोळ्या द्याव्या लागतात. घरच्या बाईंनी आमच्या हातात त्याच गोळ्यांच्या बादल्या दिल्या.

बादली हाती येताच चार-पाच जनावरे माझ्याभोवती जमली. रेनडिअरच्या नाकपुड्यांवरही दाट केस असतात. तळहातावरून ते खुराक उचलू लागले की गरम मखमल घासल्यासारखे वाटते. नाकातल्या गुंडाळलेल्या पातळ हाडांवरून जाताना आत घेतलेली गार हवा फुप्फुसात पोहोचण्याआधी तापते आणि बाहेर पडणाऱ्या श्वासातली ऊब व ओल पुन्हा राखली जाते. अंगावरच्या राठ केसांच्या आत हवा कोंडलेली असते. उन्हाळ्यात मऊ असणारा खुराचा तळवा थंडीत आकसतो आणि कडेची धारदार कड बाहेर येते, त्यामुळे बर्फावर पाय घट्ट रोवता येतो आणि ते उकरताही येते. डोळ्याच्या मागचा परावर्तक पडदा उन्हाळ्यात सोनेरी आणि हिवाळ्याच्या अंधारात निळा होतो, हे मला आधी खरेच वाटले नव्हते. जनावरांत आयुष्य घालवलेल्या मलाही या प्राण्याची घडण पाहून हात जोडावेसे वाटले.

मग मी डोळे मिटून ऐकले. कळप हलला की बारीक टक्-टक् असा आवाज येतो, जणू कुणी लांबवर सुपाऱ्या कातरत आहे. पायातली शीर हाडावरून सरकताना हा आवाज होतो. धुके किंवा हिमवादळ असले, दिसेनासे झाले, तरी आपण कळपातच आहोत हे त्यावरून जनावरांना कळत राहते, असे सामी सांगतात.

शिंगांविषयीही एक गोष्ट नवीन कळली. हरणांच्या साऱ्या जातींत मादीलाही शिंगे येणारी ही एकच जात आहे. मोठ्या नरांची शिंगे माजाचा काळ संपल्यावर, हिवाळ्याच्या सुरुवातीस गळून पडतात; गाभण माद्यांची मात्र मे महिन्यात वीण होईपर्यंत टिकतात. अन्न दुर्मीळ असते त्या महिन्यांत बर्फ उकरून तयार केलेल्या खड्ड्यावरून मोठ्या नरालाही हुसकावण्याचे बळ म्हणजे पोटात पिल्लू असलेल्या मादीचीच शिंगे.

एव्हाना माझ्यातला जुना अधिकारी जागा झाला होता आणि मी बाईंना सरळ विचारले, “तुमच्याकडे एकूण जनावरे किती?” त्या हसल्या, काही बोलल्या नाहीत आणि दुसरीकडे वळल्या. भाची हळूच म्हणाली, “मामा, इथं हा प्रश्न विचारत नाहीत. कुणाला बँकेत किती पैसे आहेत असं विचारल्यासारखं होतं ते.” मला मनापासून वाईट वाटले. धनगराच्या वाड्यावरही पाहुण्याने मेंढरे मोजलेली कुणाला आवडत नाहीत, हे मला चांगले ठाऊक असायला हवे होते. मी बाईंची क्षमा मागितली. त्यांनी ती लगेच दिली, आणि किती आहेत ते नाही, पण कोणाचे कोणते हे कसे ओळखतात ते दाखवते, असे म्हणून मला एका मादीजवळ नेले.

त्यांनी त्या मादीचा कान बोटांत अलगद धरून उलगडला. कानाच्या कडेला चाकूने घेतलेले छेद होते. टोकाशी तिरका काप, खालच्या कडेला एक खाच, दुसऱ्या कानावर आणखी निराळी रचना. कडा केव्हाच भरून आलेल्या आणि लव उगवून मऊ झालेल्या होत्या. प्रत्येक मालकाची अशी दोन्ही कानांची मिळून एक स्वतंत्र खूण असते, ती रीतसर नोंदलेली असते आणि प्रत्येक प्रकारच्या छेदाला सामी भाषेत आपले नाव आहे. उन्हाळ्यात, रात्रभर उजेड असतो त्या दिवसांत, कळप आवारात घेतात. कोणते वासरू कोणत्या आईच्या मागे लागते ते निरखतात आणि आईच्या कानावरून मालक ठरवून वासराच्या कानावर तीच खूण करतात. मुलांनाही लहानपणीच स्वतःची खूण मिळते. बाळाचा पहिला दात दिसला की त्याला एक वासरू भेट देण्याची रीत आहे, म्हणजे बोलायला लागण्याआधीच मूल कळपाचे धनी होते. आम्ही जनावरांच्या कानात प्लास्टिकचे बिल्ले मारत असू आणि तो आकडा वाचायला जनावर धरावे लागे. धावत्या कळपातल्या जनावराच्या कानाची खूण सरावलेला माणूस लांबूनच वाचतो. मी तो कान बराच वेळ हातात धरून होतो. मादी रवंथ करत शांत उभी राहिली.

त्यानंतर घसरगाडीतून एक फेरी झाली. गाडी ओढणारा नर बडवलेला होता. असे नर सौम्य आणि दमदार असतात. फास टाकायलाही शिकवले, पण त्याविषयी सांगण्याजोगे काही नाही.

दुपारी लाव्वूत बसलो. लाव्वू म्हणजे वर निमुळत्या होत जाणाऱ्या खांबांवर ताणलेला तंबू, मध्ये चूल आणि वर धुरासाठी उघडे तोंड. खाली बर्चच्या फांद्या आणि त्यांवर रेनडिअरची कातडी अंथरली होती. बिदोस नावाचा रस्सा वाढला गेला. त्यात रेनडिअरचे मांस, बटाटे, गाजर आणि मीठ, याहून फारसे काही नव्हते. मसाल्याला सोकावलेल्या जिभेला पहिला घास सपक लागला. दुसऱ्या घासाला मांसाची स्वतःची चव कळली आणि मी वाटी पुन्हा पुढे केली. पत्नी मांस खात नाही, तिच्यासाठी भाज्यांचे सूप निराळे शिजवले होते.

जेवणानंतर बाई चुलीकडे पाहत योइक गायल्या. योइकला बहुधा शब्द फार नसतात. थोडे सूर फिरून फिरून येतात आणि ते कुठे सुरू होतात, कुठे संपतात हे सांगता येत नाही. गाण्यानंतर त्यांनी जे समजावले ते मला नीट लक्षात ठेवायचे होते, म्हणून तिथेच वहीत उतरवले. योइक कुणाविषयी गात नाहीत. ज्याचा योइक असतो, त्यालाच गातात. तो माणूस, तो डोंगर किंवा ते जनावर गाण्यातून समोर येऊन बसते. आता गायलेला योइक त्यांच्या आजीचा होता. मिशनऱ्यांनी योइकला पाप ठरवले होते आणि शाळांतून त्याला मज्जाव होता, त्यामुळे त्यांच्या आईच्या पिढीतल्या अनेकांनी तो घरात दार लावून म्हटला किंवा टाकूनच दिला.

तिसरा दिवस, ५ फेब्रुवारी : आल्टाच्या वाटेवर

सारा दिवस प्रवासात गेला. दोन फेरीबोटी, लिंगेनचे सरळ उभे सुळके, मग फ्योर्डच्या कडेकडेने जाणारा रस्ता. आल्टाच्या अलीकडे कोफ्योर्डचे लहानसे लाकडी चर्च आहे, तिथे मुद्दाम थांबलो.

१८५२ साली काउतोकेइनो या सामी गावात उठाव झाला. धार्मिक जागृतीच्या लाटेत, दारूचा व्यापार आणि गावावरची अधिकाऱ्यांची सत्ता यांविरुद्ध तो पेटला; त्यात दारूविक्रेता व्यापारी आणि पोलीस अधिकारी मारले गेले. १८५४ मध्ये आस्लाक हेत्ता आणि मोन्स सोम्बी यांचा आल्टा इथे शिरच्छेद झाला. देहांचे दफन झाले, पण दोघांची मुंडकी राजधानीतल्या विद्यापीठाच्या शरीरशास्त्र विभागात पाठवण्यात आली. वंशांची मोजमापे घेण्याच्या त्या काळात सामींच्या कवट्या जमवल्या जात होत्या. वंशजांना त्या परत मिळवून पुरायला १९९७ साल उजाडले, आणि त्या इथे पुरल्या आहेत. बर्फात कंबरेएवढे बुडालेले ते आवार पाहताना आम्ही तिघेही काही बोललो नाही.

चौथा दिवस, ६ फेब्रुवारी : ‘माझे’ (Máze) आणि काउतोकेइनो

आल्टाहून दक्षिणेला चढणारा रस्ता अरुंद घळीतून पठारावर येतो आणि एकाएकी सारे मोकळे होते. झुडपांएवढे बर्च, गोठलेल्या नद्या, क्षितिजापर्यंत पांढरे माळरान. गाडीतला तापमापक उणे सव्वीस दाखवत होता. हाच किनाऱ्यावरच्या कळपांचा हिवाळी मुलूख. उन्हाळ्यात कळप समुद्राकाठी आणि बेटांवर जातात, कारण तिथे गवत असते आणि वाऱ्यामुळे डासांचा त्रास कमी असतो; थंडी पडू लागली की ते आत पठारावर येतात, कारण इथली हवा कोरडी, बर्फ पातळ आणि त्याखाली दगडफूल असते. मसाल्यातल्या आपल्या दगडफुलाचेच हे भाऊबंद, पांढुरके आणि स्पंजासारखे. ते वर्षाला काही मिलिमीटर वाढते. एकदा तुडवून संपले की कुरण पुन्हा उभे राहायला दशके लागतात. म्हणून कळप हलता राहिला पाहिजे आणि त्याची वाट मोकळी राहिली पाहिजे. बाकी सारे, भाषा, योइक, कानावरच्या खुणा, या वाटेवर उभे आहे, असे मला या प्रवासात फार प्रकर्षाने जाणवत गेले.

वाटेत ‘माझे’ नावाचे गाव लागते. आल्टा-काउतोकेइनो नदीवरच्या वीज प्रकल्पाच्या मूळ आराखड्यात हे गाव पाण्याखाली जाणार होते. विरोध झाल्यावर गाव वगळले, पण धरण राहिले. १९७९ मध्ये सामी तरुणांनी ओस्लोत संसदेसमोर लाव्वू उभारून उपोषण केले. जानेवारी १९८१ मध्ये स्तिल्ला इथे रस्ता अडवून बसलेल्या आंदोलकांना उचलण्यासाठी सुमारे ६०० पोलीस आणले गेले. धरण १९८७ मध्ये पूर्ण झाले. लढा हरला, तरी त्यातूनच सामींच्या हक्कांचा प्रश्न देशापुढे आला, त्याच वर्षी सामी कायदा झाला आणि १९८९ मध्ये त्यांची स्वतंत्र संसद बसली. १९९० मध्ये आदिवासींच्या हक्कांविषयीचा आंतरराष्ट्रीय श्रम संघटनेचा १६९ क्रमांकाचा करार मान्य करणारा नॉर्वे हा पहिला देश ठरला.

आज सामींचा राष्ट्रीय दिवस असल्याने काउतोकेइनोत जिकडेतिकडे त्यांचा ध्वज फडकत होता : लाल, हिरवा, पिवळा, निळा, आणि मध्ये सूर्याचा लाल व चंद्राचा निळा मिळून एक वर्तुळ. १९१७ साली याच तारखेला त्रॉन्हाइम इथे निरनिराळ्या देशांतल्या सामींची पहिली सभा भरली होती. ती घडवून आणण्यात एल्सा लाउला रेनबेर्ग या बाईंचा मोठा वाटा होता आणि कुरणांचा प्रश्न तिथेही ऐरणीवर होता. शाळेच्या पटांगणात मुले गाक्ती घालून जमली होती. गाक्ती हा त्यांचा अंगरखा. गडद निळ्या कापडावर लाल-पिवळ्या फितींच्या रांगा, आणि त्यांच्या घडणीवरून माणूस कुठल्या भागातला, हे जाणकार ओळखतात. फेब्रुवारी २०२३ मध्ये ओस्लोत निदर्शने करणाऱ्या कित्येकांनी तीच गाक्ती उलटी घातली होती. फोसेन भागातल्या १५१ पवनचक्क्यांमुळे तिथल्या सामींच्या हिवाळी कुरणांवर, पर्यायाने त्यांच्या संस्कृतीच्या हक्कावर आघात झाला, असा निकाल नॉर्वेच्या सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑक्टोबर २०२१ रोजी एकमताने दिला होता, आणि पाचशे दिवस उलटले तरी चक्क्या फिरतच होत्या. पुढे पशुपालकांशी तडजोडी झाल्या, चक्क्या मात्र जागेवर राहिल्या. स्वच्छ वीज हवीच. पण ज्यांनी हवा बिघडवली नाही त्यांच्याच कुरणांतून तिची किंमत वसूल व्हावी, हे मला अन्यायाचे वाटते.

संध्याकाळी आम्ही उतरलो होतो त्या घराच्या मालकांशी बर्फाविषयी बोलणे झाले. तरुणपणी त्यांनी कळप राखला आहे. बर्फाला सामान्य शब्द ‘मुओहता’. तळाशी साखरेसारखे रवाळ बर्फ असते ते ‘सेआंगाश’, ते सहज उकरले जाते आणि जनावराला तोंड खाली घालता येते. आणि भर हिवाळ्यात पाऊस पडून जमिनीवर काचेसारखा थर गोठला की तो ‘चुओहकी’. त्या थराखाली दगडफूल असते, वासही येतो, पण पोहोचता येत नाही, आणि कळप उपाशी मरतो. हवामान तापू लागल्यापासून हिवाळ्यातला पाऊस वाढला आहे, त्यामुळे विकतचा खुराक घालण्याची वेळ वारंवार येते. हे सांगताना त्यांनी टेबलावर बोटाच्या पेराने टकटक केले आणि चुओहकीवर खूर आपटला की असाच आवाज येतो, असे म्हणाले. बर्फाच्या शब्दांच्या याद्या मी पूर्वी कौतुकाने वाचल्या होत्या. पण हे शब्द म्हणजे चाऱ्याचा हिशेब आहे, हे त्या आवाजाने कळले.

रात्री साडेदहाला पत्नीला अखेर उत्तरप्रकाश दिसला. हिरवट पट्टा आधी एका टेकडीवर थरथरला आणि मग अर्धे आकाश व्यापून गेला. ती थंडीत पाऊण तास उभी होती.

पाचवा दिवस, ७ फेब्रुवारी : कारास्योक

पूर्वेकडे सव्वाशे किलोमीटरवर कारास्योक. १ जानेवारी १८८६ रोजी इथे नोंदलेले उणे ५१.४ अंश हे नॉर्वेतले आजवरचे नीचांकी तापमान आहे. गावात सामी संसदेची इमारत आहे. २००० साली राजे हाराल्ड पाचवे यांच्या हस्ते तिचे उद्घाटन झाले. लाकडाने मढवलेली अर्धवर्तुळाकार वास्तू आणि तिच्यात उभे केलेले लाव्वूच्या आकाराचे सभागृह. ३९ सदस्यांची ही संसद शिक्षण, भाषा, संस्कृती यांचे काम पाहते. देशाचे कायदे करण्याचा अधिकार मात्र तिला नाही. आतल्या ग्रंथालयात बराच वेळ बसलो. एके काळी, १९०२ च्या कायद्यानुसार, फिनमार्कमध्ये, म्हणजे नॉर्वेच्या या उत्तर टोकाच्या प्रांतात, सरकारी जमीन विकत घ्यायची तर नॉर्वेजियन बोलता येणे आवश्यक होते, आणि वसतिगृहाच्या शाळांत मुलांची सामी भाषा तोडली जात होती. त्या साऱ्या ‘नॉर्वेजियनीकरणा’ची चौकशी करणाऱ्या सत्य व सलोखा आयोगाचा अहवाल जून २०२३ मध्ये आला आणि १२ नोव्हेंबर २०२४ रोजी नॉर्वेच्या संसदेने सामींची, तसेच क्वेन आणि वनफिन या फिन वंशाच्या समाजांची माफी मागितली. त्याच सामी भाषेतली पुस्तके इथे भिंतभर लावलेली आहेत, आणि एका कोपऱ्यात दोन लहान मुली एक चित्रपुस्तक मोठ्याने वाचत होत्या.

गावातल्या सामी संग्रहालयाकडे एका ढोलाची मालकी आहे, त्याची कथा मनातून जात नाही. सामींचे नोआइदी, म्हणजे त्यांचे जाणते, कातड्यावर देव, जनावरे, तंबू यांची चित्रे काढलेला ढोल वाजवून भविष्य पाहत, आजार बरे करत. सतराव्या-अठराव्या शतकांत असे ढोल जप्त करून जाळण्यात आले. १६९१ मध्ये आंदेर्स पाउल्सेन या वृद्ध सामीचा ढोल हिसकावून त्याच्यावर चेटकाचा खटला भरला गेला. न्यायालयात त्याने प्रत्येक चित्राचा अर्थ सांगितला आणि निकाल यायच्या आतच कोठडीत त्याचा खून झाला. ढोल डेन्मार्कच्या राजाकडे गेला. १९७९ पासून तो कारास्योकला उसना म्हणून ठेवला होता आणि २०२२ मध्ये अखेर सामींच्या मालकीचा झाला. पकडला गेला तेव्हापासून तीनशे तीस वर्षे.

परतीच्या वाटेवर, उजेड मावळत असताना, भाचीने गाडी हळू केली. समोर रस्त्यावर एक माणूस बर्फगाडी आडवी लावून हात वर करून उभा होता आणि त्याच्यामागून कळप रस्ता ओलांडत होता. पुढे घंटा बांधलेली एक मादी आणि तिच्यामागे एकमेकांना चिकटून सारे. भाचीने गाडी बंद करून काच खाली घेतली. कडाक्याची थंडी आत आली आणि तिच्याबरोबर तो बारीक टक्-टक् आवाज, या वेळी शेकडो पायांचा. अंधुक प्रकाशात कान दिसत होते, पण त्यांवरच्या खुणा वाचण्याइतकी माझी नजर तयार नव्हती. शेवटचे वासरू रस्त्याच्या कडेला अडखळले, उठले आणि पळत कळपाला जाऊन मिळाले. त्या माणसाने आमच्याकडे पाहून हात हलवला आणि बर्फगाडी सुरू केली. किती जनावरे होती, ते आम्ही मोजले नाही.